इंधन-व्यय, मोटारगाडीचा

ठराविक अंतर जाण्यासाठी मोटारगाडीला लागणाऱ्या इंधनाच्या राशीस तिचा इंधन-व्यय म्हणतात. गाडीची रचना, तिच्यावरील भार, रस्ता, हवामान व चालविण्याची पद्धत या सर्वांवर तो अवलंबून असतो. तथापि गाडी, रस्ता व भार तेच ठेवून केवळ वेग बदलला, तरी हा व्यय जवळजवळ दुपटीने बदलू शकतो. गाडी जितकी सावकाश चालवावी तितके इंधन कमी लागते, ही समजूत सर्वत्र आढळते. ती अंशतःच खरी आहे. अतिशय कमी वेगात व्यय जास्त असतो, वेग वाढेल तसा तो उतरत जातो, एका मध्यम वेगास किमान होतो व त्यापुढे प्रथम सावकाश व नंतर झपाट्याने वाढतो. असे का होते व प्रत्येक वेगाचा व्यय गणिताने कसा काढावा, याचे विवेचन प्रस्तुत नोंदीत केले आहे.

एकके : भारतात इंधन-व्यय सामान्यपणे एका लिटरमध्ये तोडलेल्या किलोमीटरांत (किमी./लि.) सांगतात. यूरोपात १०० किमी.साठी लागणारे लिटर हे एकक रूढ आहे. ही दोन्ही एकके एकमेकांची व्यस्त असल्याने पहिल्या एककातील समान फरक समान बचत दाखवीत नाही. उदा., १० किमी./लि. देणारी गाडी १२ देऊ लागल्यास १०० किमी.मागे १·६७ लि. इंधन वाचते, परंतु २० देणारी गाडी २४ देऊ लागल्यास केवळ ०·८३ लि. वाचते. निरनिराळ्या कारणांनी होणारे व्यय एकत्र मिळवावयाचे असल्यास दुसरे एककच सोयीचे असते. म्हणून पुढील गणितात तेच वापरले आहे.

गाडीला होणारे रोध : सपाट रस्त्यावर एकसमान वेगाने जाणाऱ्या गाडीस मुख्यतः दोन रोधांवर मात करावी लागते.

(१) लोटन-रोध : चाक घरंगळत जाताना टायरचा रस्त्यास टेकलेला भाग सतत दबतो व पुन्हा मूळ आकारात येतो. दबताना रबरात साठलेली सर्व ऊर्जा परत मिळत नाही. तिचा काही भाग उष्णतेच्या रूपाने वाया जातो. या रोधाचे मूल्य गाडीचे वजन व लोटन-रोधाचा गुणांक यांच्या गुणाकाराइतके असते. चांगल्या डांबरी रस्त्यावर अरीय (रेडियल) टायरांसाठी हा गुणांक सु. ०·०१० ते ०·०१५ असतो. टायरांतील हवेचा दाब कमी असल्यास तो वाढतो आणि मऊ मातीत किंवा वाळूत तो कित्येक पटींनी मोठा असतो. नेहमीच्या वेगांत हा रोध वेगाबरोबर फारसा बदलत नाही. म्हणून गणितात तो स्थिर धरण्याचा प्रघात आहे.

(२) हवेचा रोध : गाडी पुढे जाताना समोरील हवा बाजूस सारते व मागे भोवरे निर्माण करते. या कामी लागणारी प्रेरणा पुढील सूत्राने मिळते :

हवेचा रोध = १/२ × हवेची घनता × रोध-गुणांक × समोरील क्षेत्रफळ × (वेग)²

या सूत्रातील वेग हा गाडीचा हवेच्या सापेक्ष असलेला वेग होय. रोध वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. म्हणजे वेग दुप्पट केल्यास तो चौपट होतो. शक्ती ही प्रेरणा व वेग यांचा गुणाकार असल्याने हवेच्या रोधासाठी लागणारी शक्ती वेगाच्या घनाच्या प्रमाणात, म्हणजे आठपट होते. मात्र तेच अंतर निम्म्या वेळात तोडले जात असल्याने दर किमी.मागील ऊर्जा चौपटच लागते. शक्ती व ऊर्जा यांतील हा भेद लक्षात न घेतल्यास वेगाचा इंधनावरील परिणाम अवास्तव मोठा वाटतो.

रोध-गुणांक गाडीच्या आकारावर अवलंबून असतो. एटमुंट रुम्प्लर यांनी १९२१ मध्ये जर्मनीत तयार केलेल्या ‘ट्रॉप्फेनव्हागेन’ (थेंबाच्या आकाराची गाडी) या मोटारगाडीची १९७९ मध्ये वातविवरात चाचणी घेतली असता हा गुणांक ०·२८ आढळला. १९८२ मध्ये बाजारात आलेल्या आउडी १०० या गाडीचा ०·३० हा गुणांक त्या काळी उल्लेखनीय मानला गेला. त्यानंतर बनलेल्या अनेक गाड्यांत तो ०·३० च्या आसपास किंवा त्याहून कमी आहे. टपावर सामानाची चौकट बसविल्यास अथवा वेगात असताना खिडक्या उघड्या ठेवल्यास हवेचा रोध वाढतो.

यांखेरीज चढावर गाडीचे वजन उचलण्यासाठी व वेग वाढविताना जडत्वावर मात करण्यासाठी ऊर्जा लागते. त्यांचा विचार पुढे केला आहे.

एंजिनातील व्यय : वरील दोनच रोध असते, तर गाडी जितकी सावकाश जाईल तितके इंधन कमी लागले असते. प्रत्यक्षात तसे होत नाही, याचे कारण एंजिनात आहे. एंजिन चालू असताना दट्ट्या, धारवे, झडपा व पंप यांच्या घर्षणात आणि सिलिंडरात हवा ओढून घेऊन वायू बाहेर टाकण्यात शक्ती खर्च होते. पेट्रोल एंजिनात थ्रॉटल झडप अर्धवट मिटलेली असताना हवा ओढण्यास अधिक श्रम पडतात. या सर्वांचा खर्च मुख्यतः एंजिन किती फेरे फिरते त्यावर अवलंबून असतो. गाडी किती काम करते याच्याशी त्याचा संबंध थोडा असतो. उभ्या गाडीतील चालू एंजिन इंधन जाळते ते यामुळेच. [⟶ अंतर्ज्वलन-एंजिन].

पीटर विल्यम विलन्स (१८५१–९२) या इंग्रज अभियंत्यांना वाफेच्या एंजिनांच्या चाचण्यांत असे आढळले की, ताशी लागणारी वाफ व एंजिनापासून मिळणारी शक्ती यांचा आलेख जवळजवळ सरळ रेषा असतो व ती रेषा आरंभबिंदूतून जात नाही. शक्ती शून्य असतानाही काही वाफ लागतेच. ही ‘विलन्स रेषा’ पुढे अंतर्ज्वलन-एंजिनांनाही लागू करण्यात आली. तिच्यानुसार इंधन-व्ययाचे दोन भाग पडतात : एक, एंजिन केवळ फिरते ठेवण्याचा, दुसरा, उपयुक्त कार्याच्या प्रमाणात वाढणारा. पुढील रीत याच कल्पनेवर आधारलेली आहे.

आकडेमोडीची रीत : उदाहरणादाखल १·२ लि. घनफळाचे पेट्रोल एंजिन असलेली लहान मोटारगाडी घेऊ. उतारूंसह तिचे वस्तुमान १,१०० किग्रॅ., लोटन-रोधाचा गुणांक ०·०१२, हवेचा रोध-गुणांक ०·३२, समोरील क्षेत्रफळ २·१ चौ. मी. व हवेची घनता दर घ. मी.ला १·१५ किग्रॅ. मानली आहे. एंजिनापासून चाकांपर्यंत शक्ती पोहोचविताना तिचा ९० टक्के भाग टिकतो. एंजिनातील घर्षण व श्वसन यांसाठी दर फेऱ्यास १०० जूल आणि जनित्रादी उपसाधनांसाठी ०·५ किवॉ. शक्ती लागते. पाचव्या गिअरात एंजिनाच्या दर मिनिटास १,००० फेऱ्यांमागे गाडीचा वेग ताशी ३५ किमी., चौथ्यात २८ किमी., तिसऱ्यात २१ किमी. व दुसऱ्यात १४ किमी. असतो.

एक लि. पेट्रोलच्या ज्वलनाने सु. ३२ मेगॅजूल, म्हणजे ८·९ किवॉ.-तास उष्णता मिळते. तिच्यापैकी ३६ टक्के भागाचे सिलिंडरात यांत्रिक कार्यात रूपांतर होते असे धरल्यास १ लि. पेट्रोल म्हणजे दट्ट्यावर ३·२ किवॉ.-तास कार्य, असे समीकरण मिळते. ही मूल्ये विशिष्ट गाडीची नसून या प्रकारच्या गाडीस साजेशी अशी निवडलेली आहेत. रीत समजल्यावर वाचकास आपल्या गाडीची मूल्ये घालून तेच गणित करता येईल.

ताशी १०० किमी. (सेकंदास २७·८ मी.) वेगाचे गणित असे : लोटन-रोध = १,१०० × ९·८१ × ०·०१२ = सु. १३० न्यूटन. हवेचा रोध = १/२ × १·१५ × ०·३२ × २·१ × (२७·८)² = सु. २९८ न्यूटन. एकूण रोध ४२८ न्यूटन. चाकांपाशी लागणारी शक्ती = ४२८ × २७·८ = ११·९ किवॉ.; एंजिनापाशी ती ९० टक्क्यांच्या हिशेबाने १३·२ किवॉ. होते. पाचव्या गिअरात एंजिनाचे मिनिटास सु. २,८५७ फेरे होत असल्याने घर्षणासाठी ४·८ किवॉ. व उपसाधनांसाठी ०·५ किवॉ. मिळवावे लागतात. एकूण १८·५ किवॉ. शक्तीस ३·२ ने भागल्यास तासाचा व्यय सु. ५·८ लि. मिळतो. त्या तासात गाडी १०० किमी. जात असल्याने १०० किमी.चा व्ययही तितकाच आहे.

याच रीतीने निरनिराळ्या वेगांसाठी काढलेले व्यय पुढील कोष्टकात दिले आहेत. त्यात प्रत्येक कारणाचा वाटा स्वतंत्र दाखविला आहे.

कोष्टक : वेगानुसार १०० किमी.साठी लागणारे पेट्रोल (लि.)

| वेग (ताशी किमी.) | गिअर | लोटन-रोध | हवेचा रोध | एंजिनातील घर्षण | उपसाधने | एकूण | किमी./लि. |
|---|---|---|---|---|---|---|---|
| २० | दुसरा | १·२५ | ०·१२ | ३·७२ | ०·७८ | ५·८७ | १७·० |
| ४० | चौथा | १·२५ | ०·४६ | १·८६ | ०·३९ | ३·९६ | २५·३ |
| ५० | पाचवा | १·२५ | ०·७२ | १·४९ | ०·३१ | ३·७७ | २६·५ |
| ६० | पाचवा | १·२५ | १·०३ | १·४९ | ०·२६ | ४·०३ | २४·८ |
| ८० | पाचवा | १·२५ | १·८४ | १·४९ | ०·२० | ४·७८ | २०·९ |
| १०० | पाचवा | १·२५ | २·८८ | १·४९ | ०·१६ | ५·७८ | १७·३ |
| १२० | पाचवा | १·२५ | ४·१४ | १·४९ | ०·१३ | ७·०१ | १४·३ |

कोष्टकावरून चार गोष्टी स्पष्ट होतात. लोटन-रोधाचा वाटा सर्व वेगांत तोच राहतो. उपसाधनांचा खर्च तासावर ठरत असल्याने वेग वाढेल तसा दर किमी.मागे तो घटतो. एंजिनातील घर्षणाचा खर्च दर किमी.मागील फेऱ्यांवर ठरतो. खालच्या गिअरात तो मोठा असतो आणि पाचवा गिअर पडल्यावर स्थिर होतो. हवेच्या रोधाचा वाटा मात्र सतत वाढत जातो. ताशी २० किमी. वेगास नगण्य असलेला हा वाटा १२० किमी.ला एकूण व्ययाच्या निम्म्याहून अधिक होतो. घटणाऱ्या व वाढणाऱ्या खर्चांचा मेळ जेथे बसतो, तो सर्वांत काटकसरीचा वेग होय. प्रस्तुत गाडीसाठी तो ताशी ५० किमी.च्या आसपास, म्हणजे सर्वांत वरचा गिअर एंजिन न अडखळता चालू शकेल अशा वेगांपैकी जवळजवळ सर्वांत कमी वेगापाशी येतो.

एंजिनाची कार्यक्षमता व इंधनाची काटकसर या दोन गोष्टी एक नव्हेत, हेही यातून दिसते. वरील गाडीत इंधनाच्या एकूण उष्णतेपैकी चाकांपाशी उपयोगी पडणारा भाग ताशी २० किमी. वेगास सु. ७·५ टक्के, ५० ला सु. १७ टक्के, १०० ला सु. २३ टक्के व १२० ला सु. २५ टक्के भरतो. वेगाबरोबर कार्यक्षमता सतत वाढते. तरीही ५० किमी.च्या पुढे व्यय वाढतो, कारण करावयाचे कार्य कार्यक्षमतेहून अधिक झपाट्याने वाढते.

या गणिताला मर्यादा आहेत. दर फेऱ्यामागील घर्षण फेऱ्यांची गती वाढेल तसे थोडे वाढते. एंजिन थंड असताना वंगण तेल दाट असल्याने व्यय अधिक येतो. पूर्ण शक्तीच्या वेळी काही एंजिनांना इंधनाचे प्रमाण जास्त असलेले मिश्रण पुरवावे लागते. त्यामुळे कोष्टकातील आकडे प्रत्यक्ष मापनाची जागा घेऊ शकत नाहीत. परंतु वेगांची परस्पर तुलना करण्यास ते पुरेसे आहेत.

गिअरची निवड : वरील गाडी ताशी ५० किमी. वेगानेच, पण पाचव्याऐवजी तिसऱ्या गिअरात चालविली, तर एंजिनाचे फेरे १,४२९ वरून २,३८१ होतात व १०० किमी.चा व्यय ३·७७ वरून ४·७६ लि. होतो. वेग न वाढविताही व्ययात सु. २६ टक्के वाढ होते. ‘सावकाश चालवूनही इंधन जास्त का लागते?’ या प्रश्नाचे उत्तर पुष्कळदा वेगात नसून गिअरात असते. याउलट फार कमी वेगात वरचा गिअर ठेवल्यास एंजिन धक्के खाते व त्यावर अनिष्ट ताण येतो. त्यामुळे या उपायासही मर्यादा आहे.

वेळ आणि इंधन : काटकसरीचा वेग नेहमीच सोयीचा असतो असे नाही, वेळेलाही मोल असते. अशा वेळी वाचलेल्या तासामागे किती जादा इंधन द्यावे लागते, हे पाहणे उपयुक्त ठरते. १०० किमी.च्या प्रवासात वेग ५० वरून ६० केल्यास २० मिनिटे वाचतात व ०·२६ लि. पेट्रोल अधिक लागते. म्हणजे वाचलेल्या तासामागे सु. ०·८ लि. खर्च पडतो. ६० वरून ८० केल्यास २५ मिनिटे वाचतात व हा खर्च तासामागे १·८ लि. होतो. ८० वरून १०० केल्यास १५ मिनिटांसाठी १ लि., म्हणजे तासामागे ४ लि., तर १०० वरून १२० केल्यास अवघ्या १० मिनिटांसाठी १·२३ लि., म्हणजे तासामागे सु. ७·४ लि. पेट्रोल द्यावे लागते. वेगाच्या प्रत्येक पुढील टप्प्यात वाचणारा वेळ कमी होत जातो व त्याची किंमत वाढत जाते.

सरासरी वेग तोच असला, तरी कमीजास्त वेगाने चालविल्यास व्यय वाढतो. एक तास ताशी ६० किमी. व एक तास १०० किमी. वेगाने गेल्यास दोन तासांत १६० किमी. अंतर होते व ८·२० लि. पेट्रोल लागते. तेच अंतर त्याच वेळात एकसारख्या ८० किमी. वेगाने गेल्यास ७·६५ लि. पुरते. वेग वाढविण्या-घटविण्यात होणारा तोटा यात धरलेला नाही.

परिस्थितीचे परिणाम : या गाडीच्या बाबतीत दर १०० न्यूटन रोधामागे १०० किमी.ला जवळजवळ १ लि. (अचूकपणे ०·९६ लि.) पेट्रोल लागते. हा आडाखा लक्षात ठेवल्यास पुढील परिणाम सहज काढता येतात.

वारा : ताशी ८० किमी. वेगाने जाताना समोरून २० किमी. वेगाचा वारा असल्यास हवेच्या सापेक्ष वेग १०० किमी. होतो, रोध १०७ न्यूटनांनी वाढतो व १०० किमी.मागे सु. १ लि. जादा लागते. तोच वारा पाठीमागून असल्यास सु. ०·८ लि. वाचते. जाण्यायेण्याच्या प्रवासात वाऱ्याचा तोटा व फायदा समान होऊन फिटत नाही. थोडा तोटाच उरतो.

थांबे : ताशी ५० किमी. वेगात या गाडीची गतिज ऊर्जा सु. १०६ किलोजूल असते. ब्रेक लावून गाडी थांबविल्यास ती उष्णतेच्या रूपाने नष्ट होते व पुन्हा तोच वेग गाठण्यास सु. १० मिलि. पेट्रोल लागते. दर किमी.ला एकदा थांबावे लागल्यास १०० किमी.मागे सु. १ लि. वाढते. उभ्या गाडीचे चालू एंजिन मिनिटाला आणखी सु. १० मिलि. जाळते. शहरातील वाहतुकीत व्यय वाढतो तो वेग कमी असल्यामुळे जितका, तितकाच या दोन कारणांनी.

चढ : खोपोली ते लोणावळा हा बोरघाटाचा चढ सु. ५५० मी. उंचीचा आहे. केवळ ही उंची गाठण्यासाठी वरील गाडीस सु. ०·५७ लि. पेट्रोल लागते, हा खर्च वेगावर अवलंबून नसतो. उतरताना ही स्थितिज ऊर्जा गाडी पुढे नेण्याच्या कामी येते; परंतु वेग आवरण्यासाठी ब्रेक लावावे लागल्यास तिचा तेवढा भाग वाया जातो. गाडी गिअरात ठेवून उतरल्यास इंधन-अंतःक्षेपण असलेल्या एंजिनांत इंधनाचा पुरवठा आपोआप बंद होतो. एंजिन बंद करून किंवा गिअर काढून घाट उतरणे मात्र धोक्याचे असते.

वातानुकूलन : त्यासाठी १·५ किवॉ. शक्ती लागते असे धरल्यास तासाला ०·४७ लि. जादा पेट्रोल लागते. ताशी २० किमी. वेगास १०० किमी.मागे ही वाढ २·३ लि., तर १०० किमी. वेगास केवळ ०·४७ लि. असते. तासावर ठरणारा खर्च वाढल्याने ५० व ६० किमी. या वेगांतील व्ययाचा फरकही ०·२६ वरून ०·१० लि. वर येतो.

इतर वाहने : मालमोटारीत वजन मोठे असल्याने लोटन-रोधाला अधिक महत्त्व असते. १६ टन वजनाच्या, ८ चौ. मी. समोरील क्षेत्रफळाच्या मालमोटारीचा लोटन-रोधाचा गुणांक ०·००७ व हवेचा रोध-गुणांक ०·७ धरल्यास तिचा लोटन-रोध सु. १,१०० न्यूटन असतो. हवेचा रोध ताशी ६० किमी. वेगास सु. ८९० व ८० किमी. वेगास सु. १,५९० न्यूटन होतो. म्हणजे अवघ्या २० किमी.च्या वाढीत दोन्ही रोधांचा क्रम उलटतो. डीझेल एंजिनात शक्तीचे नियमन इंधनाच्या राशीने होत असल्याने अल्प भाराच्या वेळी हवा ओढण्याचा तोटा कमी असतो. त्यामुळे कमी वेगातील व्यय पेट्रोल एंजिनाइतका वाढत नाही. विद्युत् मोटारगाडीत गाडी उभी असताना मोटर फिरत नाही व ब्रेक लावताना ऊर्जेचा काही भाग घटमालेत परत मिळविता येतो. त्यामुळे तिचा काटकसरीचा वेग बराच खाली येतो आणि महामार्गावरील वेगात हवेच्या रोधाचा परिणाम अधिक ठळकपणे जाणवतो.

मापन : गणितातील रोधांची मूल्ये मिळविण्यासाठी सपाट, सरळ रस्त्यावर गाडी वेगात आणून गिअर काढतात व वेग कसा घटत जातो याची नोंद करतात. या मंदनावरून लोटन-रोध व हवेचा रोध वेगवेगळे काढता येतात. प्रयोगशाळेत गाडीची चाके रुळांवर फिरवून तेवढाच रोध निर्माण करतात व ठराविक चालन-चक्राप्रमाणे वेग बदलत जातात. जळालेले इंधन प्रत्यक्ष मोजता येते किंवा निष्कास वायूंतील कार्बनाच्या राशीवरून काढता येते. भारतात अशा चाचण्या करणाऱ्या संस्थांत पुणे येथील ऑटोमोटिव्ह रिसर्च ॲसोसिएशन ऑफ इंडिया (स्थापना १९६६) ही प्रमुख आहे. येथील मोटारगाड्यांसाठी वापरात आलेल्या सुधारित भारतीय चालन-चक्रात कमाल वेग ताशी ९० किमी. आहे, तर यूरोपात सप्टेंबर २०१७ पासून नव्या गाड्यांच्या प्रकारांना लागू झालेल्या जागतिक चक्रात तो १३१ किमी. आहे. म्हणून निरनिराळ्या चक्रांवरून जाहीर झालेल्या आकड्यांची तुलना करणे योग्य नाही. महामार्गावर सतत १०० किमी.च्या पुढे गाडी चालविणाऱ्यास जाहीर आकडा न मिळणे स्वाभाविक आहे. सर्वसामान्य वाहनधारकास टाकी पूर्ण भरून ठराविक अंतर जाऊन ती पुन्हा पूर्ण भरणे व भरलेल्या लिटरांवरून व्यय काढणे ही रीत सोपी आहे. मात्र टाकी भरण्यातील चूक लहान राहावी म्हणून अंतर काहीशे किमी. असावे.

वेगमर्यादा व इंधनाची बचत : १९७३ मधील तेलसंकटाच्या वेळी वेग व इंधन यांचा संबंध शासकीय धोरणाचा विषय झाला. पश्चिम जर्मनीत नोव्हेंबर १९७३ ते मार्च १९७४ या काळात द्रुतगती मार्गांवर ताशी १०० किमी.ची मर्यादा घालण्यात आली. अमेरिकेत जानेवारी १९७४ मध्ये संमत झालेल्या कायद्याने देशभर ताशी ५५ मैल (सु. ८९ किमी.) ही कमाल मर्यादा आणली गेली, १९८७ मध्ये ती ग्रामीण भागातील महामार्गांपुरती सैल करण्यात आली व १९९५ मध्ये रद्द झाली. तेथील रस्ते-अपघातांतील मृत्यूंची संख्या १९७३ मधील सु. ५४,००० वरून १९७४ मध्ये सु. ४५,००० वर आली. इंधनटंचाईमुळे कमी झालेला प्रवास हेही या घटीचे एक कारण होते. स्पेनने मार्च ते जून २०११ या काळात द्रुतगती मार्गांवरील मर्यादा १२० वरून ११० किमी. वर आणली होती. मार्च २०२२ मध्ये आंतरराष्ट्रीय ऊर्जा संस्थेने तेलाची मागणी घटविण्यासाठी सुचविलेल्या दहा उपायांत महामार्गांवरील वेगमर्यादा किमान १० किमी.ने कमी करण्याचा समावेश होता. वरील कोष्टकाच्या आधारे पाहता असा उपाय ताशी १०० किमी. व त्याहून अधिक वेगात जितका फलदायी ठरतो, तितका तो ६० किमी.च्या आसपास ठरत नाही. शहरांत मर्यादा खाली आणण्यापेक्षा वाहतूक अखंड वाहती ठेवण्याने अधिक इंधन वाचते. तेथील वेगमर्यादेचे खरे समर्थन सुरक्षिततेत आहे.

भारत खनिज तेलाच्या गरजेपैकी चार-पंचमांशांहून अधिक भाग आयातीने भागवितो. इंधन-बचतीच्या प्रसारासाठी १९७८ मध्ये पेट्रोलियम कॉन्झर्व्हेशन रिसर्च ॲसोसिएशन ही संस्था स्थापन झाली. तिने वाहनचालकांना ताशी ४५ ते ५५ किमी. वेगाची शिफारस केली आहे व ती वरील गणिताशी जुळते. मोटारगाड्यांच्या निर्मात्यांसाठी इंधन-व्ययाच्या सरासरीचे निकष २०१७-१८ पासून लागू झाले व २०२२-२३ मध्ये ते अधिक कडक करण्यात आले. मात्र हे निकष गाडीपुरते असतात. त्यांनुसार बनलेली गाडी प्रत्यक्षात किती इंधन जाळते, हे तिचा वेग, गिअर व टायरांतील दाब यांवर, म्हणजे मुख्यतः चालकावर अवलंबून राहते.